घराणे हरले, नगर जिंकले काय?

मुंबई महानगरपालिकेच्या निवडणुकीचा निकाल १६ जानेवारी २०२६ रोजी लागला आणि पाव शतकाहून अधिक काळ या नगरीच्या कारभारावर असलेली ठाकरे घराण्याची हुकमत संपुष्टात आली. २२७ जागांपैकी भारतीय जनता पक्षाला ८९ आणि श्री. एकनाथ शिंदे यांच्या शिवसेनेला २९ जागा मिळाल्या. बहुमतासाठी लागणाऱ्या ११४ पेक्षा ही बेरीज चारने अधिक आहे. श्री. उद्धव ठाकरे यांच्या पक्षाला ६५, तर श्री. राज ठाकरे यांच्या महाराष्ट्र नवनिर्माण सेनेला अवघ्या ६ जागांवर समाधान मानावे लागले. जवळजवळ वीस वर्षांचा दुरावा बाजूस सारून हे चुलतबंधू एकत्र आले होते. मराठी मुंबईच्या अस्तित्वाची ही अखेरची लढाई आहे, असे त्यांनी मतदारांना बजावले होते. मतदारांनी ते ऐकले. दादर, वरळी, परळच्या जुन्या गिरणगावात ते मानलेही. परंतु साऱ्या नगरीने मानले नाही.

निकालानंतर एका बाजूने घराणेशाहीच्या अंताचे नगारे वाजले आणि दुसऱ्या बाजूने मुंबई हातची गेल्याचा आकांत झाला. दोन्ही प्रतिक्रिया स्वाभाविक असल्या तरी मूळ प्रश्नाला दोन्हींनी बगल दिली आहे. एखाद्या घराण्याकडे नगरपालिकेची सूत्रे इतकी वर्षे राहतात, ती कशामुळे? आणि ते घराणे दूर झाले म्हणजे ती सूत्रे आपोआप नागरिकांच्या हाती येतात काय? या प्रश्नांची उत्तरे जयघोषात सापडणार नाहीत आणि विलापातही नाहीत. ती शोधण्यासाठी महापालिकेच्या घडणीकडे वळावे लागेल.

पदाविना सत्ता

ठाकरे घराण्याच्या मुंबईवरील प्रभुत्वाचे एक वैशिष्ट्य असे, की या घराण्यातील कोणीही कधी महापालिकेच्या सभागृहात नगरसेवक म्हणून बसले नाही. शिवसेनाप्रमुख बाळासाहेब ठाकरे यांनी आयुष्यात एकही निवडणूक लढविली नाही. श्री. उद्धव ठाकरे २०२० साली विधान परिषदेत गेले, तेही मुख्यमंत्रिपदाची घटनात्मक अट पूर्ण करण्यासाठी. श्री. आदित्य ठाकरे २०१९ साली वरळीतून विधानसभेवर निवडून आले. प्रत्यक्ष निवडणुकीला सामोरे जाणारे ते घराण्यातील पहिले. महापौर मात्र नेहमी दुसरे कोणी तरी झाले. स्थायी समितीचे अध्यक्षपद दुसऱ्या कोणाकडे राहिले. निर्णय होत ते वांद्र्याच्या 'मातोश्री'वर, आणि त्यावर सह्या होत त्या बोरीबंदरासमोरील महापालिकेच्या वास्तूत.

या व्यवस्थेची दुसरी बाजूही न्यायबुद्धीने पाहिली पाहिजे. १९६६ साली स्थापन झालेल्या शिवसेनेने १९६८ च्या महापालिका निवडणुकीत, प्रजासमाजवादी पक्षाशी युती करून, ४२ जागा जिंकल्या. तोवर ज्यांना महापालिकेचा दरवाजा बाहेरूनच ठाऊक होता असे चाळींतले तरुण त्या वेळी सभागृहात पोहोचले. पुढे १९८५ साली पक्षाने महापालिका स्वबळावर हस्तगत केली, तेव्हा गिरण्यांच्या संपाने होरपळलेल्या मराठी वस्तीला शाखेचाच आधार वाटत होता. रुग्णालयात खाट मिळवून देणे, नळाला पाणी येत नाही म्हणून अभियंत्याला जाब विचारणे, शाळेतला प्रवेश, अंत्यविधीची तजवीज, ही कामे शाखाप्रमुख रात्री-अपरात्री करीत असे. घराण्याची सत्ता केवळ दहशतीवर उभी होती असे म्हणणारे या सेवेचा हिशेब विसरतात. लोकांनी निष्ठा वाहिली ती काही अंशी ऋण फेडण्याच्या भावनेने.

तथापि याच व्यवस्थेत एक मोठी खोट होती. शाखेने दिले ते उपकार म्हणून दिले. नागरिकाचा हक्क म्हणून नव्हे. खाट मिळाली ती रुग्णालयाची व्यवस्था सुधारल्यामुळे नव्हे, तर शाखाप्रमुखाने शब्द टाकल्यामुळे. शब्द टाकणाऱ्याला नगरसेवक व्हायचे असेल, तर उमेदवारीचा ए.बी. फॉर्म ज्या घरातून मिळतो तेथे त्याने निष्ठा वाहिली पाहिजे. अशा रीतीने नगरसेवक आपल्या प्रभागाला कमी आणि आपल्या नेत्याला अधिक उत्तरदायी झाला. मतदार त्याला पाच वर्षांनी घरी बसवू शकत होता. परंतु ज्यांच्या इच्छेने महापौर निवडला जाई आणि ज्यांच्या संमतीने धोरणे ठरत, त्यांना घरी बसविण्याचा कोणताही मार्ग मुंबईकरापाशी नव्हता. ते घरीच बसलेले होते. बाळासाहेबांनी राज्याच्या सत्तेसंदर्भात 'रिमोट कंट्रोल' हा शब्दप्रयोग रूढ केला. महापालिकेच्या बाबतीत तर तोच नित्याचा कारभार होता.

सभागृह रिकामे कोणी केले?

एवढी सत्ता सभागृहाबाहेर का जाऊ शकली, याचे उत्तर कायद्यात आहे. मुंबई महापालिकेचा कारभार आजही १८८८ च्या कायद्यावर चालतो. फिरोजशहा मेहता यांच्यासारख्या धुरंधरांचा त्या कायद्याच्या घडणीत वाटा होता, आणि परकीय राजवटीत नागरिकांच्या प्रतिनिधींना जेवढे अधिकार मिळविणे शक्य होते तेवढे त्यांनी मिळविले. परंतु त्या कायद्याने कार्यकारी सत्ता सोपविली ती आयुक्तांकडे. आयुक्तांची नेमणूक तेव्हा सरकार करीत असे. आजही राज्य सरकारच करते. महापौर सभेचे नियमन करतो, पाहुण्यांचे स्वागत करतो आणि नगरीचा प्रथम नागरिक म्हणून मिरवतो. रस्ता कोणी खणावा आणि कधी बुजवावा, हे ठरविण्याचा अधिकार त्याला नाही.

एक प्रयोग झाला होता. राज्यात शिवसेना-भाजप युतीचे सरकार असताना १९९८ साली मुंबईत महापौर परिषदेची पद्धत आणण्यात आली. कार्यकारी अधिकार निवडून आलेल्या महापौराकडे आणि त्याच्या सहकाऱ्यांकडे देण्याची ती कल्पना होती. पण १९९९ सालीच हा प्रयोग गुंडाळण्यात आला. त्यानंतर अनेक पक्षांची सरकारे आली आणि गेली, श्री. उद्धव ठाकरे स्वतः नोव्हेंबर २०१९ ते जून २०२२ या काळात मुख्यमंत्री होते. पण महापौराला अधिकार द्यावेत असे कोणालाही पुन्हा मनापासून वाटले नाही. याचे कारण उघड आहे. महापौर दुबळा असणे हे मंत्रालयात बसणाऱ्याला सोयीचे असते, आणि पक्षाचे सूत्र हलविणाऱ्या घरालाही. अधिकार असलेला महापौर उद्या स्वतःच्या नावाने ओळखला जाऊ लागतो. १९८५ साली महापौर झालेले श्री. छगन भुजबळ पुढे पक्षात मोठे झाले आणि १९९१ साली बाहेर पडले, हा अनुभव पक्ष विसरला नसावा.

पक्षांतराला आळा घालण्यासाठी राज्यात १९८६ साली स्थानिक प्राधिकरण सदस्यांच्या अनर्हतेचा कायदा झाला. हेतू चांगला होता. परिणाम मात्र असा झाला, की संसदेतल्याप्रमाणे पक्षादेशाची टांगती तलवार नगरसेवकाच्याही डोक्यावर आली. आपल्या प्रभागातील मैदान एखाद्या संस्थेला देऊ नये असे त्याला वाटत असले, तरी पक्षादेश निघाला की हात वर करणे प्राप्त होते. शिवाय बकऱ्याची मान उंच होऊ नये याची तजवीज आरक्षणाच्या सोडतीने केली. महिला, अनुसूचित जाती-जमाती आणि इतर मागासवर्ग यांना सभागृहात स्थान मिळालेच पाहिजे. तो सामाजिक न्यायाचा भाग आहे. परंतु दर निवडणुकीला प्रभागाचे आरक्षण बदलते, तेव्हा चांगले काम केलेल्या नगरसेवकालाही त्याच मतदारांपुढे जाऊन आपल्या कामाचा कौल मागता येत नाही. मग प्रभाग घरातच राहावा म्हणून पत्नी, भगिनी वा भावजय उभी राहते. मोठ्या घराण्याच्या छायेखाली लहान घराणी उगवतात ती अशी.

म्हणूनच घराणेशाही हा एका आडनावाचा दोष मानणे ही स्वतःची फसवणूक ठरेल. या वेळी घराणेशाहीवर तोंडसुख घेणाऱ्या भारतीय जनता पक्षाने कुलाब्यात विधानसभेच्या अध्यक्षांच्या एकाच कुटुंबातील तिघांना उमेदवारी दिली, आणि तिघेही निवडून आले. १९९७ ते २०१७ ही वीस वर्षे हाच पक्ष महापालिकेच्या सत्तेत शिवसेनेचा भागीदार होता. २०१७ साली शिवसेनेला ८४ आणि भाजपला ८२ जागा मिळाल्यावर त्याने महापौरपदावरील दावा सोडला आणि आपण पारदर्शक कारभाराचे पहारेकरी राहू, असे जाहीर केले. पहारेकऱ्याने चोर पकडल्याचे पुढील पाच वर्षांत मुंबईकरांच्या ऐकिवात आले नाही.

चार वर्षांचा धडा

घराण्याचा वरचष्मा नसताना कारभार कसा चालतो, याची चुणूक मुंबईने या निवडणुकीपूर्वीच पाहिली होती. महापालिकेची मुदत ७ मार्च २०२२ रोजी संपली. मुदत संपण्यापूर्वी निवडणूक झाली पाहिजे, असे राज्यघटना सांगते. प्रत्यक्षात इतर मागासवर्गाच्या आरक्षणाचा पेच, प्रभागांची संख्या २२७ वरून २३६ करण्याचा ठाकरे सरकारचा निर्णय, तो रद्द करण्याचा शिंदे सरकारचा निर्णय आणि त्यावरील न्यायालयीन दावे यांत जवळजवळ चार वर्षे गेली. अखेर सर्वोच्च न्यायालयाला मे २०२५ मध्ये सरकारचे कान उपटावे लागले, तेव्हा कोठे १५ जानेवारी २०२६ हा मतदानाचा दिवस उगवला. दिरंगाईचा आरंभ एका सरकारच्या काळात झाला आणि दुसऱ्याने तो सोयीस्करपणे लांबविला. दोघांपैकी कोणीही या पापातून मुक्त नाही.

या काळात आयुक्त हेच प्रशासक होते. स्थायी समिती नाही, सुधार समिती नाही, सभागृह नाही. २०२३, २०२४ आणि २०२५ ही तीन अंदाजपत्रके प्रशासनानेच मांडली आणि प्रशासकानेच मंजूर केली. यांतील शेवटचे, २०२५-२६ चे, अंदाजपत्रक ७४ हजार ४२७ कोटी रुपयांचे होते. देशातील काही लहान राज्यांच्या अंदाजपत्रकांनाही मागे टाकणारी ही रक्कम नागरिकांच्या एकाही प्रतिनिधीच्या मताशिवाय खर्ची पडली. रस्त्यांच्या काँक्रीटीकरणाची हजारो कोटींची कामे निघाली. त्यांचा दर, त्यांची गती, त्यांची गुणवत्ता यांवर प्रश्न विचारण्याचे व्यासपीठच उरले नव्हते. विभागांच्या कामांसाठी निधी सत्ताधारी पक्षांच्या आमदारांना मिळतो आणि विरोधकांना नाही, अशी तक्रार वारंवार झाली. अर्ज कोठे करावा हे नागरिकाला कळेना. नगरसेवक नव्हता आणि मंत्र्यापर्यंत हात पोहोचत नव्हता.

म्हणजे मुंबईने दोन्ही अवस्था भोगल्या आहेत. आधी सत्ता वांद्र्याच्या एका घरात होती. नंतर ती मंत्रालयाच्या एका मजल्यावर गेली. सभागृह पहिल्या अवस्थेत निमूट होते आणि दुसऱ्या अवस्थेत कुलूपबंद. आणि निकाल लागताच जे घडले त्याने तिसऱ्या अवस्थेची सूचना दिली. श्री. शिंदे यांच्या पक्षाचे नवनिर्वाचित नगरसेवक वांद्र्याच्या एका पंचतारांकित हॉटेलात नेऊन ठेवण्यात आले. ज्यांनी दोन दिवसांपूर्वी चाळींचे जिने चढून मते मागितली, ते मतदारांचे आभार मानण्याआधी नेत्यांच्या देखरेखीखाली गेले. विरोधक त्यांना फोडतील अशी भीती होती, की मित्रपक्षाशी सौदा करण्याचे ते साधन होते, हा तपशील गौण आहे. नगरसेवक हा प्रभागाचा प्रतिनिधी नसून पक्षाच्या तिजोरीतील शिल्लक आहे, ही समजूत सर्व पक्षांत किती खोल रुजली आहे, हे त्यावरून दिसले.

मुंबईबाहेरचे चित्र अधिक आश्वासक आहे असेही नाही. राज्यातील २९ महापालिकांच्या याच निवडणुकीत साठांहून अधिक उमेदवार मतदानापूर्वीच बिनविरोध निवडून आले, आणि कल्याण-डोंबिवलीचा त्यांत मोठा वाटा होता. गावकीत बिनविरोध निवड समंजसपणाची खूण असू शकते. लाखो लोकवस्तीच्या शहरात प्रतिस्पर्धी उमेदवार एकामागून एक अर्ज मागे घेतात, तेव्हा समंजसपणापेक्षा दुसऱ्या कशाचा तरी संशय येतो.

काय व्हावयास हवे

ही नगरी नेहमीच अशी नव्हती. प्रौढ मतदानाने १९४८ साली महापालिकेची पहिली निवडणूक झाली, त्यानंतरची काही दशके हे सभागृह राजकारणाची शाळा मानले जाई. १९५७ साली संयुक्त महाराष्ट्र समितीने काँग्रेसला सत्तेवरून खाली खेचले. आचार्य दोंदे आणि कॉम्रेड मिरजकर यांच्यासारखी माणसे महापौर झाली. मृणाल गोरे १९६१ साली गोरेगावातून महापालिकेत निवडून गेल्या आणि पाण्याच्या प्रश्नावर त्यांनी प्रशासनाला सळो की पळो करून सोडले. पाण्यासाठी त्यांना कोणा घराची परवानगी घ्यावी लागली नाही. त्यांचे बळ गोरेगावच्या बायांच्या हंड्यांत होते.

ते दिवस परत आणण्याच्या गोष्टी करण्यात अर्थ नाही. २०११ च्या जनगणनेनुसार सव्वा कोटीच्या घरात लोकसंख्या असलेल्या या महानगरात एका नगरसेवकामागे सुमारे पंचावन्न हजार माणसे येतात. शहर बदलले, त्याचे प्रश्न बदलले. शिवाय महानगर प्रदेश विकास प्राधिकरण, झोपडपट्टी पुनर्वसन प्राधिकरण यांसारख्या यंत्रणांनी महापालिकेच्या अंगणातील मोठा भाग आधीच व्यापला आहे. २०१७ साली जकात गेल्यापासून तर उत्पन्नाच्या एका मोठ्या बाबीसाठी महापालिका राज्य सरकारच्या भरपाईकडे डोळे लावून असते. परंतु काही गोष्टी कायद्याच्या एका दुरुस्तीने होण्याजोग्या आहेत, आणि नव्या सत्ताधाऱ्यांच्या हेतूची परीक्षा त्यांवरच व्हावी. राज्यात आणि महापालिकेत बहुमत एकाच युतीचे असल्यामुळे सबब सांगण्यास त्यांना जागा उरलेली नाही.

पहिली गोष्ट, कार्यकारी अधिकार निवडून आलेल्या महापौराकडे यावेत आणि आयुक्ताने त्याच्या धोरणाची अंमलबजावणी करावी. दुसरी, प्रभागाचे आरक्षण किमान दोन निवडणुकांसाठी स्थिर राहावे, म्हणजे नगरसेवकाला आपल्या कामाचा जाब त्याच मतदारांना द्यावा लागेल. तिसरी, महापौरांची निवड आणि अंदाजपत्रक वगळता अन्य विषयांवर नगरसेवकाला आपल्या विवेकाने मत देण्याची मोकळीक असावी. चौथी, नागरिकांच्या क्षेत्रसभेची जी तरतूद राज्याच्या कायद्यात २००९ साली करण्यात आली आणि कागदावरच राहिली, ती प्रत्यक्षात आणावी. वर्षातून चार वेळा नगरसेवकाला आपल्या मतदारांसमोर उभे राहावे लागले, तर नेत्याच्या दारी उभे राहण्यास त्याला आपसूकच कमी वेळ मिळेल. आणि पाचवी, मुदत संपल्यावर सहा महिन्यांपलीकडे प्रशासक ठेवण्याची वाट कायमची बंद करावी.

यावर एक आक्षेप येईल आणि तो फेटाळण्यासारखा नाही. अधिकारसंपन्न महापौरपद निर्माण केले, तर उद्या एखादे घराणे स्वतःच त्या खुर्चीवर येऊन बसेल, आणि आज पडद्याआडून चालते ते राजरोस चालेल. तसे घडू शकेल. परंतु खुर्चीवर बसलेल्या माणसाला खाली खेचता येते. त्याची सही कागदावर असते, त्याला सभागृहात प्रश्न विचारता येतो, त्याच्या नावाने मतदान करता येते. २००५ सालच्या २६ जुलैच्या प्रलयात सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस पडला. पर्जन्य जलवाहिन्या सुधारण्याचा आराखडा १९९३ पासून महापालिकेच्या दप्तरात होता. तो का रखडला याचा जबाब आयुक्तांनी द्यायचा, महापौरांनी, मुख्यमंत्र्यांनी की मातोश्रीने, हे बुडालेल्या मुंबईकराला अखेरपर्यंत समजले नाही. ज्या सत्तेला पत्ता नाही, तिला जाब विचारता येत नाही. घराणेशाहीची सर्वांत मोठी हानी ही आहे, आणि प्रशासकशाहीचीही हीच.

मुंबईच्या मतदाराने या निवडणुकीत एका घराण्याला नकार दिला, असे विजेते म्हणतात. पूर्ण सत्य इतके सोपे नाही. दोन्ही ठाकरे बंधूंना मिळून ७१ प्रभागांनी आपले प्रतिनिधित्व दिले आहे, आणि इतके दिवस सत्तेवर असलेल्या पक्षाची फूट, चिन्ह गमावणे आणि राज्य व केंद्र सत्तेचा विरोध हे सारे सोसून ते मिळाले आहे. मराठी माणसाला या नगरीत आपले स्थान राहील की नाही, ही शंका त्या मतांमागे आहे. तिची थट्टा करणे विजेत्यांना महागात पडेल. त्याचप्रमाणे पराभूतांनीही जाणले पाहिजे, की मराठी माणसाच्या नावाने पंचवीस वर्षे सत्ता भोगताना त्याच्या मुलांसाठी महापालिकेच्या मराठी शाळा का टिकवता आल्या नाहीत, या प्रश्नाला भावनिक हाक हे उत्तर होऊ शकत नाही. विरोधी बाकांवर त्यांना आता वेळ आहे. शाखेचे जुने बळ उपकाराऐवजी हक्काच्या मागणीकडे वळविले, तर ते बळ अजूनही या नगरीच्या कामी येईल.

सत्तांतर झाले आहे, स्थलांतर व्हावयाचे आहे. महापालिकेचे निर्णय जेथे व्हावयास हवेत त्या सभागृहात ते होऊ लागले, तरच या निवडणुकीने काही साधले असे म्हणता येईल. अन्यथा मातोश्रीऐवजी दुसऱ्या एखाद्या बंगल्याच्या फाटकाशी नगरसेवकांच्या मोटारी उभ्या राहतील, आणि प्रभागातला नागरिक पावसाळ्यात गुडघाभर पाण्यात उभा राहून नेहमीप्रमाणे विचारील, की याची दाद कोणाकडे मागावयाची?